नोंद आढळून येत नाही

उत्तरेश्वर जमादारांना मी आयुष्यात एकदाच फोन केला, आणि तो केलाच नाही असं पुढची चोवीस वर्षं वागलो. माणूस साधा, त्याची गोष्टही साधी. ती मी सांगावी हे मात्र विपरीत आहे, कारण तिच्यातला चोर मीच. पण दुसऱ्या कुणाला ती पुरती ठाऊक नाही, म्हणून सांगतो.

मी पोलीस खात्यात कारकून होतो. अंगावर खाकी नाही, पांढरा सदरा. आस्थापना शाखेत बसायचो. कुणाची बदली, कुणाची बढती, कुणाची रजा, सगळं माझ्या टेबलावरून जायचं. सही साहेबांची, पण सहीच्या वरचा मजकूर आमचा. धिप्पाड धिप्पाड जमादार माझ्यासमोर टोपी काढून उभे राहायचे आणि "राधाकिशनराव, जरा बघा की आमचं" म्हणायचे. ते मला आवडायचं. खोटं कशाला बोलू?

उत्तरेश्वर लिंबागणेशजवळच्या एका वस्तीवरचे. घरी चार एकर माळ आणि तिघे भाऊ. थोरले दोघे दसरा झाला की बायकापोरांसकट कोयते घेऊन ऊसतोडीला जायचे. हे धाकटे. निजामाचं राज्य गेल्यावर भरती निघाली तिच्यात शिपाई झाले, आणि वीस वर्षांनी जमादार. फौजदारीची खात्यातली परीक्षा दोनदा नापास झाले, तिसऱ्यांदा सुटले. कलमं पाठ करायची त्यांची रीत अशी, की वस्तीवरच्या एकेका माणसाला एकेक कलम लावून ठेवायचं. चोरीचं मामाला, मारामारीचं चुलत्याला, शिवीगाळीचं सख्ख्या सासूला. विश्वासघाताचं कलम कुणाला द्यावं ते काही त्यांना सुचेना, म्हणून नेमका तोच प्रश्न चुकला. हे ते स्वतःच सांगून हसायचे. मीही हसायचो.

सत्तरला पाऊस रुसला तो रुसलाच. चौसाळ्याच्या पुढं माळावर पाझर तलावाचं काम निघालं. तीन-चार हजार माणूस खडी फोडायला आणि माती उचलायला येऊन पडलं. त्यांना धान्य पुरवायला सोसायटीनं तिथं पत्र्याचं गोदाम टाकलं. मायलो नावाची परदेशी लाल ज्वारी मिळायची, गुरांनीही तोंड वळवावं अशी, पण तिच्यासाठीही रांगा लागायच्या. रांग आली की भांडण आलं. म्हणून तिथं एक तात्पुरती चौकी मंजूर झाली, आणि चौकीला फौजदार पाहिजे म्हणून परीक्षा पास असलेल्या उत्तरेश्वरांना फौजदार केलं. आदेश मीच तयार केला. त्यात "निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात" हे शब्द होते. त्यांनी ते वाचले की नाही कोण जाणे. त्यांना खांद्यावरचे दोन तारे दिसत होते.

वस्तीवर तर सण झाला. म्हातारी माणसं अजून निजामाच्या वेळचा शब्द वापरायची. तिकडं फौजदाराला अमीन म्हणत. शेजारच्या छबुबाईनं भर रस्त्यात त्यांच्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली आणि म्हणाली, "आमच्या माळावर अमीन पैदा झाला रं!" त्या दिवसापासून उत्तरेश्वरांचा जीव एकाच गोष्टीत अडकला. निवृत्त व्हायचं तर फौजदार म्हणूनच.

आता आमच्या खात्याची एक खोच सांगतो. तात्पुरतं पद अकरा महिन्यांचं. अकरा महिने संपले की एक दिवस खंड द्यायचा आणि दुसऱ्या दिवशी नवा आदेश काढायचा. कशासाठी? तर नोकरी सलग दिसू नये. सलग दिसली की माणूस हक्क सांगतो. म्हणजे त्या एका दिवसापुरता फौजदार पुन्हा जमादार. उत्तरेश्वर त्या दिवशी तारे काढून बायकोच्या हातावर ठेवायचे. बायनाबाई ते कुंकवाच्या डबीत टाकायची आणि म्हणायची, "आज आमच्या फौजदारांची आमुशा." दुसऱ्या दिवशी तारे लाल होऊन निघायचे. बहात्तरच्या मे महिन्यात पहिला खंड आला तेव्हा त्यांनी रीतसर रजा टाकली आणि दोघं नवराबायको कपिलधारला जाऊन आली. धबधब्याच्या खडकावर पाण्याची नुसती ओल होती. तिथंच डोकं टेकवून परत आली.

दुसरा खंड अकरा एप्रिल त्र्याहत्तरचा. बायनाबाई तेव्हा वस्तीवर होती. उत्तरेश्वर तारे खिशात घालून साध्या कपड्यांत एसटीची वाट बघत होते, घरी जायला. इकडं ऑफिसात सकाळीच खबर आली, की तलावावर लोक बिथरलेत. साहेब गाडीत बसता बसता मला म्हणाले, "त्या उत्तरेश्वरला फोन लाव. म्हणावं, आज चौकी सोडायची नाही, चार्ज तुझ्याकडंच. आदेश उद्या मागच्या तारखेनं काढू, खंड पडू द्यायचा नाही. आत्ता लेखी काही नको."

तलावावर पाटबंधारेवाल्यांच्या तंबूत एक फोन होता. राखणदार सटवानं उचलला आणि उत्तरेश्वरांना हाक मारून आणलं. लाईनीत नुसती खरखर. मी म्हणालो, "ऑफिसातून बोलतोय, साहेबांचा निरोप आहे," आणि निरोप सांगितला. ते ओरडून विचारत होते, "कोन बोलतंय? नाव सांगा!" तेवढ्यात लाईन तुटली. मी पुन्हा लावला नाही. निरोप पोचला होता, माझ्या नावाशी त्यांना काय करायचंय, असं वाटलं. जावक संदेशाच्या वहीत नोंद केली नाही. लेखी काही नको म्हटलं होतंच की.

तिकडं काय झालं ते नंतर सगळ्या जिल्ह्यानं ऐकलं. गोदामातून एक ट्रक पोती भरून निघाला आणि आवई उठली, की धान्य पळवतायत. हजारभर माणसं ट्रकला आडवी झाली. आत होती रिकामी पोती, परत जायला निघालेली. पण उपाशी माणसाला पोतं दिसलं की त्यात दाणेच दिसतात. दगड सुरू झाले. उत्तरेश्वर धोतर आणि बंडी अशा वेषात ट्रकवर चढले. पहिलाच दगड डाव्या भुवईवर बसला. एका हातानं डोळा दाबून धरला आणि दुसऱ्या हातानं एकेक पोतं उचलून उलटं झटकत राहिले. "बघा, हाय का दाना? ह्ये बघा, हाय का?" सत्तर-ऐंशी पोती झटकली म्हणतात. लोक आधी गप्प झाले, मग त्यांच्यातलाच एकजण वर चढून पोती झटकू लागला. गोळीबार झाला नाही, कुणी मेलं नाही. नऊ टाके पडले, तेवढेच.

दुसऱ्या दिवशी साहेब दौऱ्यावर गेले. माझ्या टेबलावर नव्या आदेशाची स्टेन्सिल आधीच कापून तयार होती, नेहमीप्रमाणे बारा तारखेपासूनची. ती फाडून अकरा तारखेची नवी कापायची, तर स्टोअरवाल्या मोहनरावांकडं मागणी लिहावी लागणार, ते चार शब्द सुनावणार, आणि पुन्हा अर्धा तास टंकयंत्राशी झटापट. मी म्हटलं, एका दिवसानं काय आभाळ कोसळतंय? आणि तयार स्टेन्सिलवरच प्रती काढल्या. उत्तरेश्वर डोक्याला पट्टी बांधून आले. मी बोट ठेवलं तिथं पोच म्हणून सही करून गेले. तारीख त्यांनी पाहिली नाही. साहेब महिन्याभरात बदलून गेले आणि दोन वर्षांत वारले.

त्यानंतर उत्तरेश्वरांना पुन्हा खंड पडला नाही. दुष्काळ संपला, चौकी मोडली, पण वेगवेगळ्या ठाण्यांत ते तात्पुरते फौजदार म्हणून चालतच राहिले, एक्याऐंशीपर्यंत. दहा वर्षं! तात्पुरतं म्हणून घातलेलं छप्पर माणूस दहा वर्षांत घरच समजतो. मग सरळ भरतीचे तरणे फौजदार आले, जागा पुरेनात, आणि एक दिवस आदेश निघाला, "मूळ पदावर प्रत्यावर्तन." म्हणजे पुन्हा जमादार. हाही आदेश माझ्याच शाखेतून गेला. तारे उतरवून ते ज्या ठाण्यात साहेब होते, त्याच ठाण्यात पहाऱ्याला उभे राहिले. कालपर्यंत त्यांना सलाम करणारी पोरं नजर चुकवून आत जायची.

ते औरंगाबादच्या कोर्टात गेले. वकील चांगला होता. त्याचं म्हणणं सरळ होतं. पहिला खंड रजेत बसतो. दुसरा नुसता कागदावर आहे, कारण त्या दिवशी वरिष्ठांच्या हुकमानं यांनी चौकी सांभाळली, डोकं फोडून घेतलं. तेव्हा सेवा सलग धरा आणि फौजदार म्हणून कायम करा. सगळी केस त्या फोनवर उभी होती. फोन आला असेल तर फौजदार. आला नसेल तर एक जमादार आपल्या मनानं ट्रकवर चढला, एवढंच. चौकीची डायरी चौकी मोडली तेव्हाच गहाळ झाली होती. सटवा ऊसतोडीला गेला तो तिकडंच राहिला. अर्जात वाक्य होतं, "कार्यालयातील एका कर्मचाऱ्याने दूरध्वनीवरून कळविले." नाव नव्हतं.

ते वाक्य मी वाचलं तेव्हा मला काय वाटलं सांगू? हलकं वाटलं. नाव नाही! नंतर चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं झालं. वाटायला लागलं, यांनी आवाज ओळखला असणार आणि माझ्यावर दया करून नाव गाळलं असणार. त्या दयेचाही मला रागच आला.

एकदा ते ऑफिसात आले आणि प्रत्येक टेबलाशी जाऊन विचारू लागले, "त्या दिवशी फोनवर तुमी व्हता का?" लोक हसायचे. माझ्यापर्यंत आले तेव्हा मी त्यांना बाहेर चहाच्या टपरीवर नेलं. कप हातात घेऊन ते म्हणाले, "राधाकिशनराव, तुमचा आवाज तर नव्हता ना? न्हाई, लाईनीत लई खरखर व्हती म्हनून इचारतो."

मला वाटलं, ओळखलंय आणि माझ्याच तोंडून काढायला बघतायत. मी म्हणालो, "दहा वर्षांपूर्वीचं कुणाच्या लक्षात राहतं, जमादार?"

जमादार म्हणालो. मुद्दाम. आदल्या वर्षापर्यंत मी त्यांना फौजदारसाहेब म्हणत होतो. ते "खरं हाय" म्हणाले आणि चहाचे पैसे देऊन निघून गेले.

खात्याचं उत्तर लिहायचं काम माझ्याकडंच आलं. माझी हेडक्लार्कची बढती तेव्हा फाइलवर होती. तोंडी निरोप दिला, वहीत चढवला नाही, मागच्या तारखेचा आदेश काढला नाही, एवढं कबूल केलं असतं तर आधी माझीच चौकशी लागली असती. मी लिहिलं, "सदर दिवशी अर्जदारास कार्यालयाकडून दूरध्वनीवरून निरोप दिल्याची नोंद आढळून येत नाही." वाक्य कसं गुळगुळीत आहे बघा. त्यात एक अक्षर खोटं नाही. नोंद आढळतच नव्हती, कारण ती मी केली नव्हती. नव्या साहेबांना यातलं काही ठाऊक नव्हतं. त्यांनी विश्वासानं सही केली.

कोर्टानं कागद पाहिले, आणि कागदात फोन नव्हता. उत्तरेश्वर हरले. चार महिन्यांनी मी हेडक्लार्क झालो आणि घरी पेढे आणले. अठ्ठ्याऐंशी साली ते जमादार म्हणूनच निवृत्त झाले. निरोपाच्या कार्यक्रमात मी भाषण केलं. काय बोललो ते आठवत नाही, आठवायचंही नाही.

मी निवृत्त व्हायच्या सुमाराला मोहनराव एकदा भेटले. म्हणाले, "तुमचा तो उत्तरेश्वर दिसला होता. बिचारा भ्रमिष्टासारखा झालाय. आधी म्हणतो फोन आलता, मग आपणच म्हणतो, का दगड लागल्यावर मला तसं वाटलं कुणास ठाऊक. वस्तीवरचे लोक त्याला 'फोन' म्हणूनच चिडवतात."

तेव्हा मला कळलं. त्यांनी दया केली नव्हती. त्यांना खरंच माहीत नव्हतं. आणि माझ्या त्या गुळगुळीत वाक्यानं त्यांचे नुसते तारे नेले नाहीत, स्वतःच्या कानावरचा त्यांचा विश्वासही नेला. हे कळूनही वस्तीवर जायला मला वर्ष लागलं. रोज काहीतरी निमित्त काढायचो.

सत्त्याण्णवच्या माघात गेलो. लिंबागणेशला उतरून आधी गणपतीपुढं उभा राहिलो, पण हात जोडवेनात. वस्तीवर पोचलो तेव्हा उत्तरेश्वर ओट्यावर बसून दावं वळत होते. भुवईवरचा व्रण पांढरा पडला होता. मला ओळखून उठले, "या या, राधाकिशनराव," म्हणून घोंगडी टाकली. मी बसलो नाही. बसलो असतो तर हवापाण्याच्या गप्पा मारून परत आलो असतो. उभ्यानंच म्हणालो, "तो फोन मी केला होता. अकरा एप्रिलचा. साहेबांनी सांगितलं म्हणून केला. वहीत लिहिला नाही, आणि कोर्टात लपवला."

त्यांचा हात दाव्यावर थांबला. मला वाटलं आता शिवी येईल. दगड मारतील. मारला असता तर बरं झालं असतं.

"म्हंजी," ते म्हणाले, "फोन आलता."

"आला होता."

"आगं ये, भायेर ये!" त्यांनी आत हाक मारली. "लवकर ये. ह्ये काय म्हनत्यात ऐक. हां, पुन्यांदा म्हना, राधाकिशनराव."

बायनाबाई पदरानं हात पुसत आली. मी पुन्हा सांगितलं.

"किती वाजता केलता?" त्यांनी विचारलं.

"सकाळी साडेआठला."

"आन म्या कोर्टात पावनेनऊ सांगितलं!" त्यांनी कपाळावर हात मारला. "बघा, तितंच चुकलं माजं."

मला तोंड वर करवेना. बायनाबाई मात्र माझ्याकडं टक लावून बघत होती. म्हणाली, "भाऊ, मी सोता ह्यांला म्हनले, आता सोडा त्ये फोनचं, तुमच्या डोक्यात दगुड बसलाय. ल्योक म्हनला, सुना हासल्या. आन तुमाला ठावं व्हतं? मंग कावून न्हाई बोललात?"

"भ्यालो," मी म्हणालो. "माझी बढती होती."

ती आत गेली ती परत बाहेर आली नाही. चहा उत्तरेश्वरांनीच उठून आणला. मी सगळं लिहून, सही करून एक कागद नेला होता. तो पुढं केला. त्यांनी तो न वाचता घडी करून परत माझ्या हातात दिला. "आता कुटलं कोर्ट? साहेब मेले, सटवा न्हाई, मी सदुसष्ट वर्साचा झालो. राहू द्या." मग म्हणाले, "एक काम करता का? गाडीला येळ हाय. फाट्यापस्तोर माज्या संगं चला."

त्यांनी आतून खाकी टोपी आणली, झटकून डोक्यावर घातली, आणि माझा दंड धरला. पाहुण्याला मिरवत न्यावं तसं मला घेऊन निघाले. पहिल्यांदा भेटला तो गुरांमागं चाललेला मुंजाजी. "मुंजा, थांब. ह्ये आमच्या ऑफिसातले राधाकिशनराव. त्यो फोन ह्यांनीच केलता. इचार त्यांला." मुंजाजीनं माझ्याकडं पाहिलं. मी मान हलवली. पुढं पिठाच्या गिरणीशी चौघं बसले होते. तिथंही थांबलो. "ह्यांनी केलता फोन. साडेआठला. म्या पावनेनऊ म्हनत व्हतो." मी पुन्हा मान हलवली. गिरणीवाला "फोन, फोन" म्हणून हसायला लागला होता, तो मधेच थांबला. दुकानाशी, हापशाशी, देवळाच्या पायरीशी, प्रत्येक ठिकाणी ते थांबत आणि मी मान हलवत होतो. त्यांचा आवाज दर खेपेला चढत होता. मला कुणी शिवी दिली नाही. उत्तरेश्वरांचा पाहुणा म्हणून एकानं पान दिलं, ते मी खाल्लं.

फाट्यावर बाभळीखाली छबुबाई बसली होती. नव्वदीची झाली असेल. दूरवरून एसटीची धूळ दिसत होती. उत्तरेश्वर तिच्यापुढं वाकले आणि सांगू लागले. तिनं कानाला हात लावला. "काय म्हनतूयास रं, अमीन?"

ते माझ्याकडं वळले. डोळे भरले होते, चेहरा हसत होता. म्हणाले, "जरा मोट्यानं सांगा, राधाकिशनराव. तिला ऐकू येत न्हाई."

मी फाट्यावर उभा राहून, एसटीतल्या माणसांनी खिडक्यांतून डोकी बाहेर काढेपर्यंत ओरडून सांगितलं, की फोन आला होता, तो मीच केला होता. चौदा वर्षांपूर्वी चहाच्या टपरीवर हळू सांगितलं असतं तरी भागलं असतं.